पेटारीची नावं आणि पाटलांच्या घरचं बारसं

महाबळेश्वरची फुलं पाहून आलेल्या माणसाला लोक बसवून घेतात, चहा देतात आणि वर्णन ऐकतात. मी हिंगोलीकडची फुलं पाहून आले म्हटल्यावर आमच्या शाळेच्या मोठ्या बाईंनी चष्मा काढून पुसला आणि विचारलं, "तिकडे फुलं असतात?"

असतात. आपल्या अकोल्यात शाळेमागच्या उकिरड्यावर उगवतात तीच असतात. ती पाहायला निजामाच्या मुलखात का जावं लागलं, हे सांगायचं तर आधी माझे मामा सांगायला हवेत.

मामा शाळाखात्यात डिपोटी होते. त्यांची छकडी गावात शिरली की मास्तरांना घाम फुटे. पेन्शन झाल्यावर तपासायला शाळा उरल्या नाहीत, तेव्हा त्यांनी झाडं तपासायला घेतली. झाडांचा कारभार त्यांना अगदीच ढिला आढळला. एकाच झाडाला पाच नावं, आणि एकाच नावावर तीन झाडं निवांत राहतायत. त्यातच एका विद्वानांच्या मंडळानं शुद्ध मराठी वनस्पतिनामांचा कोश काढायचं ठरवलं आणि भेंडीचं कूळ मामांच्या वाट्याला आलं. या कुळात भेंडी, अंबाडी, कापूस, जास्वंद ही प्रतिष्ठित मंडळी आहेत. मामांच्या पदरात पडली ती त्यांची रानातली गरीब भावंडं: पेटारी, चिकणा, रानभेंडी, वनभेंडी.

मामांचा नियम सोपा होता. एक फूल, एक नाव, आणि त्या नावाला अर्थ. मी मुलींच्या शाळेत चित्रकला शिकवते, म्हणून चित्रं काढायला मला बरोबर घेतलं. आणि हिंगोली अशासाठी, की तिकडे सरकारी भाषा उर्दू. तेव्हा जुनी मराठी तिथे लोणच्यासारखी दादरा बांधून जशीच्या तशी राहिली असणार, असा मामांचा सिद्धान्त होता.

सरहद्दीवर

वाशीमहून मोटार निघाली. दोन्ही बाजूंना कापूस फुटलेला, ज्वारी कमरेच्या वर आलेली. मुलूख बदलतो तिथे मोटार थांबवून सामान तपासतात. जकातीला तिकडे करोडगिरी म्हणतात. जमादार चांगला उंच, मेंदी लावलेल्या दाढीचा आणि बोलायला फार अदबशीर होता. मामांच्या लाकडी पेटीवर बोट ठेवून त्यानं विचारलं, "इसमें क्या है?"

"बला," मामा म्हणाले.

"क्या?"

"बला. अतिबला. महाबला और नागबला भी है."

आपल्या वैद्यांच्या भाषेत बला म्हणजे बळ देणारी वनस्पती. ती आणि तिची ही तीन भावंडं औषधात प्रसिद्ध आहेत. उर्दूत मात्र बला म्हणजे संकट. जमादारानं आत बसलेल्या कारकुनाला हाक मारली. "मुन्शीजी, सुने क्या? बडे मियाँ चार-चार बलायाँ लेको आए सो."

कारकून आपल्यातला, मराठी. तो बिचारा मदतीला धावला. "साहेब, घाबरायचं काम न्हाई. याला आमच्यात पेटारी म्हनतेत."

"पेटी में पेटारी?" जमादार म्हणाला. "अच्छा. और पेटारी में क्या है?"

"बी है," मामा म्हणाले.

"काहे का?"

"पेटारी का."

जमादारानं एक खुर्ची मागवली आणि मामांना बसवलं. दुसरी मागवून स्वतः बसला. मोटारीतले लोक उतरून भोवती जमले. पेटी उघडली. आत जुन्या वर्तमानपत्रांत दाबून वाळवलेल्या काड्या. जमादारानं एक उचलली, उजेडात धरली, हुंगली. "ये तो मेरे घर के पीछे है," तो म्हणाला, आणि त्याच्या आवाजात निराशा होती.

मामांचे डोळे चमकले. "तुम्ही याला काय म्हणता?"

"हम कुछ नहीं बोलते, जनाब. बकरी खाती."

कारकुनानं सरकारी कागदावर 'सूखी घास' असं लिहिलं आणि आम्हांला सोडलं. वर चहाही पाजला. चहा उत्तम होता, पण मामांना तो गेला नाही. मंडळाचे सन्माननीय सभासद परमुलखात शिरले ते वाळलेलं गवत घेऊन.

हिंगोली

हिंगोलीच्या बाजारात एक काष्ठौषधीवाला भेटला. त्याच्या दुकानात आमची पेटारी जुड्या बांधून टांगलेली होती. मामांनी मोठ्या आशेनं नाव विचारलं.

"कोन इचारतंय त्याच्यावर हाय," दुकानदार म्हणाला. "वैद्य आला तर अतिबला. बाया आल्या तर पेटारी. कोनी मुद्रा म्हनलं तर मुद्रा. गिऱ्हाईकाशी काहून भांडायचं?"

"पण खरं नाव कोणतं?"

"तुमी घेऊन राहिले का न्हाई, ते आदी सांगा."

मामांनी एक जुडी घेतली. दुकानदारानं कागदात बांधून देताना विचारलं, "कोनतं नाव सांगू? अतिबला म्हनून घेतली तर गुन जास्ती येतो, असं लोक म्हनतेत."

कयाधूच्या काठी

नरसीच्या अलीकडे, कयाधूच्या काठी एक गाव आहे. तिथल्या माधवराव पाटलांकडे आमची सोय होती. गावाचं नाव मी सांगत नाही, कारण पुढे त्यांच्या घरातली गोष्ट आहे.

गावात शिरतानाच वासानं स्वागत होतं. तिकडे शेताच्या कडेनं अंबाडी लावतात, तिच्या काड्या ओढ्यात कुजत घालतात आणि मग तिचा वाख काढून दोर वळतात. त्या ओढ्यावरून पहिल्यांदा जाताना मी पदर नाकाला लावला. पाटलांच्या घरी ताटात त्याच अंबाडीची भाजी आली: ज्वारीच्या कण्या घालून शिजवलेली, वर लसणीचं कडकडीत तेल, बाजूला गरम भाकरी. मी तीन वेळा मागून घेतली. आमच्याकडेही ही भाजी होते, पण आमच्याकडे ती गूळ घालून शहाणी करतात. तिकडे तिला आंबट राहू देतात.

वाढणारी म्हातारी म्हणजे माधवरावांची आई. सगळं घर तिला थोरल्या बाई म्हणे. हात सढळ, आवाज त्याहून सढळ. घरात सून सुभद्रा बाळंतीण होती आणि बारसं चार-पाच दिवसांवर आलं होतं, म्हणून घर पाहुण्यांच्या तयारीत होतं.

मामांनी चावडीवर बसून कामाला सुरुवात केली. एक म्हातारा फुलं लिहून घ्यायला आलाय, ही बातमी गावात पसरली. पहिल्या दिवशी लोकांना काही आठवेना. दुसऱ्या दिवशी मात्र इतकं आठवायला लागलं की रांग लागली. छापून येणार म्हटल्यावर प्रत्येकाला नाव सुचलं. हरबाजी नावाच्या शेजाऱ्यानं तर सांगितलं, की ओढ्याकाठी गुलाबी फुलांचं जे झुडूप आहे, ते त्याच्या आज्यानं आणलं, म्हणून त्याला सगळे 'हरबाजी' म्हणतात.

"कवा म्हनलं रे कोनी?" मागून एकजण म्हणाला.

"आता म्हनतेन की," हरबाजी म्हणाला.

तांड्यावरून आलेल्या एका बाईनं तिच्या भाषेतलं नाव सांगितलं. ते मराठी नाही म्हणून मामांनी टाक उचललाच नाही. हरबाजीचं मात्र लिहून घेतलं.

ते गुलाबी झुडूप म्हणजे वनभेंडी. तिच्या फळांना बारीक आकडे असतात आणि ती कपड्याला धरून बसतात. मामा स्वतः तपास करायला झुडपात शिरले आणि बाहेर आले तेव्हा त्यांचं धोतर सोग्यापासून काष्ट्यापर्यंत फळांनी भरलं होतं. ओढ्यावर धुणं धुणाऱ्या बाया तोंडावर पदर घेऊन पाहत होत्या. मामांनी त्यांनाही विचारलं, "याला काय म्हणता?"

"पाव्हना," एकजण म्हणाली.

"का?"

"धरलं की सोडीत न्हाई."

बाकीच्या बायांनी माना खाली घातल्या. मामांनी गंभीरपणे लिहिलं: 'पाहुणा. व्युत्पत्ती संशयास्पद.'

पेटारीचं फूल सकाळी मिटलेलं असतं, ऊन कललं की उघडतं. त्यामुळे सकाळी मला चित्राचं काम नसे. मी बाळंतिणीच्या खोलीच्या दाराशी बसून पानं रेखाटत असे. सुभद्रा फार बोलत नसे. तिच्या तीन मुली दाराशी खेळत: पेटारीचं चाकासारखं कच्चं फळ शाईत बुडवून एकमेकींच्या हातावर शिक्के मारत. मुद्रा हे नाव त्यावरूनच पडलंय. शाई मामांची होती.

"ताई," सुभद्रा एकदम म्हणाली, "तुमी त्या झुडपाला नाव द्यायला आकोल्याहून आलात. माझ्या लेकराला येक द्या की."

मला कळलं नाही. घरात चौथ्या मुलीचं नाव ठरलंय, एवढं मी ऐकलं होतं.

"काय ठरलंय?"

"नकुसा." ती बाळाच्या कपाळावरचं काजळ सारखं करत होती. "नको असलेली. तसं नाव ठेवलं म्हंजी देवाला कळतं म्हनं, पोरी बास झाल्या. पुढच्या खेपेला बी पोरगीच झाली तर दुसरी बायको आनतेन, ते मला ठावं हाय. त्यात या लेकराचा काय गुन्हा?"

मी उठून सरळ माधवरावांकडे गेले. ते ओसरीवर पान लावत होते. सज्जन माणूस. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "बराबर हाय तुमचं, ताई. पर हे बायामानसाचं काम. मायपुढं मी काय बोलू?"

मग मी मामांकडे गेले. पेटारी, मुद्रा आणि अतिबला यांतलं कोणतं नाव अधिक अर्थवाही, या विचारात ते होते.

"मामा, तुम्ही थोरल्या बाईंशी बोला. तुमचं ऐकतील."

मामांनी ऐकलं आणि टाक खाली ठेवला. "इंदू, माणसाच्या नावाला अर्थ नसतो. ती नुसती हाक मारायची खूण. आपण पाहुणे. लोकाचारात पडू नये."

"आणि पेटारीच्या नावाला अर्थ पाहिजे?"

"तो शास्त्राचा प्रश्न आहे."

"पेटारी हाकेला ओ देत नाही, मामा. ही पोर आयुष्यभर देणार."

डिपोटीशी असं बोलायची कुणाची पद्धत नव्हती. मामांनी कागद इकडचे तिकडे केले. मग उपरणं खांद्यावर टाकून उठले, आणि मला फार बरं वाटलं.

ते माझं बरं वाटणं स्वयंपाकघराच्या दारापर्यंत टिकलं. थोरल्या बाई चुलीपाशी होत्या. मामांनी घसा साफ केला आणि मुलीला फुलाचं नाव ठेवावं, असं सुचवलं. इथवर ठीक होतं. फुलांत फूल म्हणजे आपलं हे पिवळं. त्याचं शुद्ध नाव अतिबला. बल म्हणजे सामर्थ्य. अति म्हणजे फार. घरोघरी असं नाव रूढ झालं तर मंडळालाही…

थोरल्या बाईंनी भाकरी उलटली. "गुर्जी, येक बला घरात आलीच हाय. तुमी आनिक अती करून राहिलात."

मामा परत आले. "प्रयत्न केला," ते म्हणाले.

बारसं

आदल्या दिवशी बाळाची आत्या आली. माधवरावांची थोरली बहीण, हिंगोलीकडच्याच गोरेगावला दिलेली. पाळण्यात नाव ठेवायचा मान आत्याचा, म्हणून तिची सगळे वाट पाहत होते. ठेंगणी, सावळी, चालताना घाई नसलेली बाई. ऊन कललं होतं, कुंपणापाशी पेटारी उमलली होती आणि मी रंग भरत होते. ती मागे येऊन उभी राहिली.

"मुद्रा व्हय?"

"मुद्रा म्हणा, पेटारी म्हणा. आमचे मामा अतिबला म्हणतात."

"आमच्या घरी करंडी म्हनतेत." ती हसली. "येवढ्याशा झाडाला किती नावं. आन् येक बी वंगाळ न्हाई."

तेवढ्यात आतून थोरल्या बाईंची हाक आली. "नकू, ए नकू."

"आले, माय," ती म्हणाली.

माझा कुंचला थांबला. तिनं ते पाहिलं. "माझं नाव नकुसा हाय," ती म्हणाली. "मी तिसरी पोरगी. माझ्या पाठीवर दोन भाऊ झाले, म्हून मायला वाटतं, नाव लागू पडलं. लगनात सासऱ्यानं गोदावरी ठेवलं. पहिल्या येळंला कोनी गोदावरी म्हनून हाक मारली, तवा मी मागं वळून पाह्यलं, कोन आलंय म्हून."

"मग उद्या तुम्ही…"

"माय म्हनती, आत्याचंच नाव द्यायचं. देईन." आणि ती आत गेली.

मला तिचा राग आला. जिला ते नाव सोसावं लागलं तीच ते पुढे ढकलणार, हे मला पटेना. जेवतानाही मी तिच्याकडे पाहिलं नाही.

दुसऱ्या दिवशी तिसऱ्या प्रहरी गावातल्या बाया जमल्या. पाळण्याला अंबाडीचे नवे दोर होते. घुगऱ्यांच्या पाट्या भरून ठेवलेल्या. पुरुष बाहेर ओसरीवर, मामा त्यांना बला आणि अतिबला यांतला फरक समजावत होते आणि कुणी उठून जाऊ शकत नव्हतं. आत पाळण्याखालून बाळ इकडून तिकडे देऊन झालं. सुभद्रा भिंतीला टेकून बसली होती. ती पाळण्याकडे न पाहता दाराच्या उंबऱ्याकडे पाहत होती.

आत्या पुढे झाली, वाकली आणि बाळाच्या कानाशी कुजबुजली. लगेच बायांनी रिवाजाप्रमाणे तिच्या पाठीत धपाटे घातले. आमच्याकडे हे धपाटे नावापुरते असतात. तिकडे मनापासून घालतात.

"मोठ्यानं सांग, नकू," थोरल्या बाई म्हणाल्या.

आत्या सरळ झाली. "गोदावरी," ती म्हणाली.

एका पाटीतली घुगरी खाली सांडली होती ती कुणी उचलली नाही.

"काय म्हनलीस?" थोरल्या बाईंनी विचारलं.

"गोदावरी."

"हे ठरलं व्हतं का?"

"तूच म्हनलीस ना माय, आत्याचं नाव द्यायचं? माझीच नावं हायत दोनी. त्यातलं येक दिलं."

"मी कोनतं म्हनले ते तुला ठावं हाय."

"ठावं हाय," आत्या म्हणाली. तिचा आवाज चढला नाही. "ते म्या पस्तीस-चाळीस वर्सं वापरलंय, माय. फाटून गेलंय. लेकराला जुनेर काहून द्यायचं? हे बरं हाय, त्यातल्या त्यात नवं."

थोरल्या बाईंचा चेहरा मी जवळून पाहत होते. राग होताच. पण आपल्या लेकीकडे पाहताना त्यांना काहीतरी पहिल्यांदाच दिसत होतं, असं मला वाटलं. मग त्या खाली बसून सांडलेली घुगरी स्वतः वेचू लागल्या.

"पाळन्यात पडलं ते पडलं," त्या म्हणाल्या. "वाटा आता. बाया खोळंबल्यात."

सुभद्रानं तोंडावर पदर घेतला. तिचे खांदे हलत होते. आत्यानं बाळ उचलून तिच्या मांडीवर दिलं आणि म्हणाली, "घे. गोदावरीला भूक लागली."

मी पुढे जाऊन आत्याच्या हातात घुगऱ्यांचा द्रोण दिला. तिनं द्रोणातली मूठभर काढून माझ्याच हातावर ठेवली.

परतताना

थोरल्या बाईंनी निघताना मला अंबाडीच्या बोंडांची चटणी बांधून दिली आणि कुणी ऐकत नाही असं पाहून विचारलं, "नाव बरं हाय नव्हं?" मी बरं आहे म्हटलं. "तिच्या सासऱ्याला अक्कल व्हती," त्या म्हणाल्या. सुनेवर सवत येणार की नाही, हे मी विचारलं नाही. ते त्या घरात अजून ठरायचं होतं.

पाटलांच्या बैलगाडीतून आम्ही हिंगोलीकडे निघालो. मामा उदास होते. आठवडाभर फिरून एका फुलाला सतरा नावं जमली होती, त्यांतली निम्मी मामांच्या येण्यानंतर जन्मलेली. त्यांचं मन रमवावं म्हणून मी बारशाची हकीकत सांगितली. ती ऐकताना ते हळूहळू ताठ बसले.

"गोदावरी," ते म्हणाले. "शुद्ध संस्कृत शब्द आहे, इंदू. गो म्हणजे जल. दा म्हणजे देणारी. जल देणाऱ्यांत वरिष्ठ. याला म्हणतात नाव. अर्थ आहे त्याला."

"माणसाच्या नावाला अर्थ नसतो ना, मामा?"

मामांना ऐकू आलं नाही. मार्गशीर्षातलं कोवळं ऊन होतं, रस्त्याच्या कडेनं चिकणा फुलला होता.

पुढे बसलेला गाडीवान सगळं ऐकत होता. आता तो मागे वळला. "येक अडचन झाली, गुर्जी," तो म्हणाला. "आमच्या म्हशीचं नाव बी गोदावरीच हाय. आता पाटलाच्या लेकीचं तेच पडलं म्हंजी म्हशीचं बदलावं लागतंय. तुमी नावाचे जानकार. येकांदं चांगलं सांगा की."

साऱ्या प्रवासात मामांकडे कुणी आपण होऊन नाव मागितलं ते हे पहिलंच. मामांनी उपरणं सावरलं, सामानावरून पाय टाकून ते पुढे गाडीवानाच्या शेजारी जाऊन बसले आणि त्यांनी विचारलं, "म्हैस स्वभावानं कशी आहे?"